पेटीतल्या पेद्रोची ओळख करून देणाऱ्या सरांना

आदरणीय सर,

सादर प्रणाम.

हे पत्र तुमच्या घरी येऊन हातात देता आले असते. परंतु तुम्ही माझ्यासाठी जे केले ते पूर्व विदर्भातल्या आपल्या झाडीपट्टीतल्या इतर कलावंतांनाही कळावे, अशी माझी इच्छा आहे, म्हणून ते सर्वांसमक्ष लिहीत आहे.

गेल्या हंगामात वडशाहून प्रयोगासाठी निघालेल्या आमच्या टेम्पोची ताडपत्री अवकाळी पावसात फाटली आणि माझ्या बोलक्या बाहुल्याचे कागदी लगद्याचे धड भिजून विरघळले, हे तुम्हाला माहीतच आहे. तेवढे डोके हाती राहिले. नाटकाच्या दोन अंकांच्या मध्ये, मागे देखावा बदलत असताना, पडद्यापुढे उभे राहून आठ-दहा मिनिटे शब्दभ्रमाचा, म्हणजे ओठ न हलवता बाहुल्याला बोलते करण्याचा, खेळ करायचा, हेच माझे वीस वर्षांचे काम. त्या रात्री मी पडद्यापुढे गेलोच नाही. आदल्या वर्षी शहरातल्या एका कार्यक्रमाच्या निवडीतून ‘भाषा फार गावठी आहे’ असे सांगून मला परत पाठवले होते, तो सलही मनात होता. दुसऱ्या दिवशी तुमच्या ओसरीवर बसून मी म्हणालो, की आता धानाची शेती बरी, हे पुरे झाले.

तुम्ही माझी समजूत घातली नाही, याबद्दल मी विशेष ऋणी आहे. काकूंनी चहा आणून दिला आणि तुम्ही मोबाइलवर एक जुनी कृष्णधवल चित्रफीत लावली. काळ्या कोटातला एक गृहस्थ आपल्याच मुठीवर ओठ रंगवतो, वर केसांचा टोप ठेवतो, खाली बाहुलीचे धड लावतो आणि ती मूठ त्याच्याशी भांडू लागते. मग तो एक पेटी उघडतो. आत केवळ डोके! ते घोगऱ्या आवाजात एकच शब्द बोलते, ‘सऑराइट’, म्हणजे ‘ठीक आहे’, आणि सारे प्रेक्षागृह हसते.

सेन्योर वेन्सेस हे त्या गृहस्थाचे नाव मी त्या दिवशी प्रथम ऐकले. शब्दभ्रम म्हटले की मला य. के. पाध्ये यांनी घडवलेला आणि रामदास पाध्ये यांनी घरोघरी पोहोचवलेला अर्धवटराव तेवढा ठाऊक होता. वेन्सेसचा जन्म १८९६ साली स्पेनमधल्या सालामांका प्रांतातला. शाळेत हजेरीच्या वेळी गैरहजर मुलांच्या आवाजात ‘हजर’ म्हटल्याबद्दल त्याला दौती धुण्याची शिक्षा झाली आणि हाताला लागलेल्या शाईतूनच मुठीवरचा पहिला चेहरा उमटला, अशी आठवण तो सांगत असे. १९३०च्या दशकात तो अमेरिकेत गेला. १९३६ साली शिकागोच्या वाटेवर रेल्वे अपघातात त्याचा मोठा बाहुला मोडला आणि उरलेले डोके त्याने पेटीत ठेवले. तोच हा पेद्रो. एवढे सांगून तुम्ही माझ्या पिशवीतून डोकावणाऱ्या डोक्याकडे नुसते पाहिलेत. त्यापुढे काही सांगण्याची गरजच उरली नव्हती.

पुढच्या चार संध्याकाळी तुम्ही वाक्यागणिक चित्रफीत थांबवून मला अर्थ सांगत होता. इंग्रजी मला येत नाही. पण वेन्सेसलाही ती यजमानांसारखी येत नव्हती, हे तुम्ही दाखवलेत तेव्हा मी सावरून बसलो. त्याचे उच्चार शेवटपर्यंत स्पॅनिशच राहिले. ते त्याने लपवले नाहीत. मोजके सोपे शब्द निवडले आणि त्यांच्या उलटसुलट उच्चारांवरच खेळ उभा केला. अमेरिकन दूरचित्रवाणीवरचा एड सलिव्हनचा मनोरंजनाचा कार्यक्रम १९४८ साली सुरू झाला तेव्हा वेन्सेसची पन्नाशी उलटलेली होती. रविवारी रात्रीचा तो एक तास, त्यात गायक, कसरतपटू, विनोदकार, प्राणी असे सगळे, आणि प्रत्येकाच्या वाट्याला थोडीच मिनिटे. त्या थोड्या मिनिटांसाठी त्याला पुन्हापुन्हा बोलावले गेले. स्वतःच्या नावाचा कार्यक्रम नसताना, कायम दुसऱ्याच्या मंचावरचा पाहुणा राहून, त्याने एवढे नाव कमावले की पुढे न्यूयॉर्कमध्ये, तो कार्यक्रम जिथून होत असे त्या नाट्यगृहालगतच्या ५४व्या रस्त्याच्या एका भागाला त्याचे नाव दिले गेले. १९८० साली, चौऱ्याऐंशीव्या वर्षी, तो बाहुल्यांच्याच ‘द मपेट शो’मध्ये पाहुणा म्हणून गेला. १९९९ साली वारला तेव्हा तो १०३ वर्षांचा होता.

दोन अंकांच्या मधला माणूस म्हणून मला स्वतःचे काम कायम भरतीचे वाटत आले होते. लोक नाटकाला येतात, माझ्यासाठी कोणी येत नाही, असे मी तुमच्याजवळही बोललो होतो. आता मी ती आठ मिनिटे घड्याळ लावून बसवतो. एका आवाजातून दुसऱ्यात जाताना श्वास कुठे घ्यायचा, प्रेक्षकांचे लक्ष बाहुल्याकडे वळवायला आपली मान किती वळवायची, हे मी त्याच चित्रफितींवरून शिकलो. आणि उरलेले डोके मीही पेटीत बसवले; तो माझा गडी आता आपल्या भागातल्या शुद्ध झाडीबोलीतच बोलतो. मी प्रमाण मराठीत ‘डोळा’ म्हणतो, तो ‘डोरा’ म्हणतो. मी ‘पाणी’ म्हणतो, तो ‘पानी’ म्हणतो, आणि कोणाचे बरोबर यावर आमचे भांडण जुंपते. एका गावात लोकांनी त्याचीच बाजू घेतली तेव्हा पडद्यामागचे नटसुद्धा कान देऊन उभे होते.

पेटी आपल्या गावच्या वाढईने सागाची करून दिली. तिचे पैसे तुम्ही परस्पर दिले होते, हे त्यांनी मला फार उशिरा सांगितले. ते मी परत करू पाहिले तर तुम्ही रागावाल, म्हणून त्याचाही उल्लेख येथेच करतो.

दिवाळीनंतर मंडईच्या, म्हणजे गावच्या जत्रेच्या, रात्री आपल्याच गावात प्रयोग ठरला आहे. पहिल्या रांगेत तुमच्या आणि काकूंच्या खुर्च्या मी स्वतः मांडणार आहे. थंडी असेल, घोंगडी सोबत आणावी. पहिला अंक संपला की पेटी उघडेल आणि आतला गडी आधी तुमचीच चौकशी करील.

आपला कृतज्ञ विद्यार्थी,
दोन अंकांच्या मधला एक कलावंत