सुलू, दादाला फोन तू कर

प्रिय सुलू,

तुझ्या मेसेजना उत्तर दिलं नाही, त्याबद्दलच्या शिव्या भेटल्यावर घाल. बीपी ठीक, गोळ्या चालू. दादाची मनू आमच्याकडे आलीय, बॅग घेऊन. नाटकाच्या कोर्सला नाव घातल्याचं दादाला कळलं आणि तो "चालती हो" म्हणाला. आपल्या तालमींना डबा घेऊन यायचा तोच दादा. (तो डबा कुणासाठी यायचा ते मला ठाऊक आहे, तू गप्प बस.)

परवा कार्टीने मला इजिप्तचा एक जुना सिनेमा बघायला बसवलं. १९६० चा 'बिदाया वा निहाया', नजीब महफूझच्या कादंबरीवरचा. त्यातली सना गमील बघ गं. नफीसा नावाची, दिसायला बेताची, लोकांचे कपडे शिवणारी बहीण. बाप गेल्यावर हिच्या शिलाईवर घर तगतं, धाकटा भाऊ लष्करात अधिकारी होतो आणि शेवटी अब्रूपायी तोच तिला नाईलपर्यंत नेतो, जीव द्यायला. फातेन हमामा या तिथल्या मोठ्या नटीने ही भूमिका म्हणे नाकारली होती. भाऊ झालाय उमर शरीफ. एका प्रसंगात त्याने अशी थोबाडीत दिली की तिचा एक कान कायमचा गेला, असं सांगतात. आता बोल! एकांकिकेत मला खरी ठेवून दिलीस, वर "खोटा हात शेवटच्या रांगेला कळतो" म्हणून ऐकवलंस आणि बक्षीसही तूच नेलंस.

असो. सिनेमा राहिला बाजूला, सनाची स्वतःची गोष्ट वाचून माझी झोप उडाली. वरच्या, म्हणजे दक्षिणेकडच्या इजिप्तमधल्या मल्लावीची, कॉप्टिक, म्हणजे तिथल्या ख्रिश्चन घरातली, खरं नाव सुरय्या. लहानपणीच कैरोच्या फ्रेंच बोर्डिंगात टाकलेली. पुढे भावाकडे राहून चोरून अभिनय शिकायला जायची. भावाला कळलं. मारलं आणि घराबाहेर काढलं, तेही २६ जानेवारी १९५२ च्या रात्री, दंगलीत कैरो पेटलं होतं तेव्हा. सना गमील हे नाव तिला दिलं गुरू झकी तुलेमातनी.

काम काय केलंय पण! रंगभूमीवर स्विस नाटककार दुरेनमाटची ती सूड घ्यायला गावी परतणारी गडगंज म्हातारी. १९६७ मध्ये 'अल-झौगा अल-थानिया'त उमद्याची, म्हणजे गावच्या पाटलाची, थोरली बायको. १९८८ च्या मालिकेत अलेक्झांड्रियाची, पैशाने माजलेली, जुना बंगला पाडायला टपलेली मासळीवाली. नायिकेचा चेहरा नाही म्हणून अडून बसली नाही. आपल्याकडे अशीला 'चरित्र अभिनेत्री' म्हणून कडेला बसवतात, माझं डोकंच फिरतं.

नवरा पत्रकार, लुई ग्रेस. त्याला वाटायचं ही मुसलमान आहे, म्हणून हा धर्म बदलायला तयार! ती म्हणाली, अरे, मीही ख्रिश्चनच. मूलबाळ नाही. २००२ च्या डिसेंबरात ती गेली, तेव्हा त्याने दफन काही दिवस लांबवलं, वर्तमानपत्रात जाहिरात दिली, माहेरचं कुणीतरी येईल म्हणून. कुणी आलं नाही. पन्नास वर्षं उलटली होती गं त्या रात्रीला.

दादा तसा नाही, हे मलाही कळतं. रोज रात्री मेसेज टाकतो, "जेवलात का सगळे?" सगळे म्हणजे कोण ते मी विचारत नाही, "हो" टाकते. मनू माझ्या खांद्यावरून ते वाचते आणि काही न बोलता ताटं उचलते. दोघंही एका हाडाची. मी मध्ये पडले तर दादा म्हणणार, तूच फूस लावलीस. वहिनी नुसती रडते. आणि अशी ताणाताणी किती दिवसांत मुरते, सांग ना. सनाच्या त्या भावालाही पहिल्या आठवड्यात वाटलंच असेल की येईल परत.

चिन्मयचं लग्न ठरल्याचं मला परस्पर कळावं? काकूंच्या मोतीबिंदूचं काय झालं? ते सगळं फोनवर.

आधी दादाला फोन कर. तू येणार म्हटलं की तो अजून शर्ट खोचतो. मॅच नसेल तेव्हा कर. काय वाटेल ते बोल, फक्त मनू कोर्स सोडेल असं कबूल करून बसू नकोस. फी मी भरलीय, हे त्याला एवढ्यात सांगू नकोस.

तुझी,
विजू