संकलन करणाऱ्या लेकीस पत्र

सांगली

चि. मृणाल हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

चित्रपटांच्या संकलनाची कामे मिळू लागली की परीक्षणे लिहिणे थांबवावे, कारण ज्यांच्याकडून काम मिळवायचे त्यांच्याच चित्रपटांवर लिहिल्यास उद्या दारे बंद होतील, असा सल्ला तुला पुण्यात अनेकजण देत असल्याचे तू कळवलेस. सल्ला व्यवहाराला धरून आहे. तरीही तू तो मानू नयेस, असे मला मनापासून वाटते.

डाय व्हॉन या ब्रिटिश संकलकाने माहितीपटांच्या संकलनावर चरितार्थ चालवला आणि त्याच हाताने माहितीपटांची अत्यंत मर्मग्राही समीक्षाही लिहिली. 1983 साली प्रसिद्ध झालेले त्यांचे एक पुस्तक स्ट्युअर्ट मॅकॅलिस्टर या संकलकाविषयी आहे. दिग्दर्शक हम्फ्री जेनिंग्ज आणि मॅकॅलिस्टर यांच्या 1942 च्या ‘लिसन टू ब्रिटन’ या युद्धकालीन माहितीपटात निवेदन नाही. कारखान्याच्या उपाहारगृहात कामगारांसमोर चाललेले लोकप्रिय गाणे संपता संपता आपण लंडनच्या नॅशनल गॅलरीत मायरा हेस यांच्या पियानोवर मोझार्ट ऐकू लागतो, श्रोत्यांत राणीही दिसते, आणि ही सारी माणसे एकाच संकटात एकत्र आहेत हे एका शब्दावाचून आपल्याला उमगते. श्रेयनामावलीत दोघांची नावे बरोबरीने असूनही पुढे कौतुक बहुतांशी जेनिंग्ज यांचेच झाले. कोणता निर्णय कोणाचा, हे तयार चित्रपटावरून ठरवणे कठीणच. पण तो प्रश्न विचारावा हे सुचायला संकलनाच्या टेबलावर बसलेला माणूसच लागला.

आपल्याकडच्या परीक्षणांत कथा, अभिनय, संगीत यांवर परिच्छेद खर्ची पडतात आणि शेवटी ‘संकलन नेटके आहे’ किंवा ‘चित्रपट पंधरा मिनिटांनी कमी करता आला असता’ एवढेच येते. ते दृश्य जाणूनबुजून लांबवले होते, की कापून जोडायला दुसरा शॉटच उपलब्ध नव्हता, याचा अंदाज तुझ्यासारखीलाच येऊ शकतो. 1843 साली विष्णुदास भाव्यांनी याच सांगलीत ‘सीतास्वयंवर’ उभे केले, तेव्हा पदे गाऊन कथा पुढे नेणारा सूत्रधार प्रेक्षकांसमोर उभा होता. चित्रपटाचा सूत्रधार, म्हणजे संकलक, मात्र बंद खोलीत बसतो, म्हणून त्याचे काम कोणीतरी जाणत्याने उलगडून सांगावे लागते.

मात्र दोन पथ्ये पाळ. जिथे तू काम केले आहेस किंवा कामाची बोलणी चालू आहेत, त्या चित्रपटावर लिहू नकोस. दुसरे पथ्य अधिक अवघड आहे. कष्ट ठाऊक असलेला माणूस नकळत क्षमाशील होतो. अमेरिकी संकलक वॉल्टर मर्च यांच्या मते संकलकाने शक्यतो चित्रीकरणस्थळी जाऊ नये, कारण एखादा शॉट किती हालअपेष्टांतून मिळाला हे कळले की तो टाकून देण्याचे धैर्य राहत नाही. समीक्षा लिहितानाही तुला तेच धैर्य लागेल. तिकीट काढून आलेल्या माणसाला पडद्यावर जे दिसते, त्यावरच तुझा निर्णय उभा राहिला पाहिजे.

परीक्षणांच्या मानधनावर घर चालणार नाही, हे तुला माहीतच आहे. संकलन सोडू नकोस.

एक सुचवतो. तू शिकलेल्या पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधूनच संकलक रेणू सलुजा बाहेर पडल्या. ‘परिंदा’ (1989) च्या संकलनासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि 2000 साली त्या गेल्या. त्या एका चित्रपटातील चार-पाच प्रसंग घेऊन, कोणता कट कुठे आणि का पडला, याविषयी मराठीत सविस्तर लेख लिही. पहिला मसुदा मला पाठव. जिथे मला समजणार नाही तिथे पेन्सिलीने खूण करून परत पाठवीन, आणि तो भाग तू पुन्हा लिहावास, कारण तो लेख संकलनाची खोली कधीही न पाहिलेल्या वाचकासाठी आहे.

तुझे,
बाबा