वाघ गेला, कार्डात फक्त शेपटी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

वन्यजीव माहितीपट बनवणाऱ्यांवरील आपल्या पुरवणीतल्या लेखात त्यांच्या संयमाचे भरपूर कौतुक होते. संयम लागतोच. पण ताडोब्यासारख्या जंगलात रात्री वाटेवर माणूस बसत नाही, कॅमेरा ट्रॅप बसतो, म्हणजे जनावर समोरून गेले की आपोआप चालू होणारा कॅमेरा. आणि तो कसा लावला यावर महिन्याभराचे काम तरते किंवा बुडते. लेखात त्याला जेमतेम एक ओळ मिळाली, म्हणून हे पत्र.

नेहमीच्या कॅमेरा ट्रॅपचा सेन्सर चित्र ओळखत नाही. मागची जमीन आणि पुढून सरकणारे अंग यांच्या तापमानातला फरक त्याला कळतो. चंद्रपूरच्या मे महिन्यात पारा 45 अंशांपर्यंत जातो, तेव्हा हा फरकच उरत नाही आणि वाघ समोरून गेला तरी यंत्र ढिम्म. उलट उन्हाने तापलेले गवत वाऱ्याने हलले की तेच यंत्र पुन्हा पुन्हा जागे होते, मेमरी कार्ड गवताच्या चित्रांनी भरून जाते. उपाय म्हणून गवत कापत सुटायचे नाही. अभयारण्यात चित्रीकरणाला मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते, आणि अधिवासात बदल न करता चित्रीकरण करायचे, असे वन्यजीव संरक्षण कायद्याचे कलम 28 सांगते. मोकळी जागा शोधायची आणि कॅमेऱ्याचे तोंड उत्तरेकडे ठेवायचे, म्हणजे सकाळ-संध्याकाळचे ऊन थेट आत शिरत नाही.

दुसरी अडचण वेळेची. फोटो अर्ध्या सेकंदात निघतो, पण व्हिडिओ सुरू व्हायला अनेक कॅमेऱ्यांना एक ते तीन सेकंद लागतात. तेवढ्यात वाघ दोन-तीन मीटर पुढे गेलेला असतो. हाती लागते ती शेपटी. व्याघ्रगणनेत दोन्ही कुशींचे पट्टे हवे असतात, म्हणून वाटेच्या दोन्ही बाजूंना समोरासमोर कॅमेरे लावतात. चित्रीकरणाला ती मांडणी कुचकामी. तिथे कॅमेरा वाटेला तिरका, तीन-चार मीटर दूर आणि गुडघ्याएवढ्या उंचीवर हवा. अगदी नाकासमोरही नको, कारण सरळ अंगावर येणारे जनावर या सेन्सरला उशिरा कळते. पक्के काम करणारे सेन्सर वाटेवर आधीच्या वळणाशी लावतात आणि वायरने पुढचा कॅमेरा जागा करतात. काही जण वाटेवर अदृश्य किरण आडवा टाकतात. तो तुटला की कॅमेरा सुरू, उष्म्याशी संबंध नाही. मात्र गळणारे पानही तो तोडते.

उजेडाचेही तसेच. रात्री कॅमेरा इन्फ्रारेड (अवरक्त) दिव्यांवर चालतो. त्यांतले 850 नॅनोमीटर तरंगलांबीचे दिवे लांबवर पोचतात, पण त्यांची लालसर चमक दिसते. 940 चे दिसत नाहीत, पण पल्ला कमी आणि चित्र दाणेदार. अल्कलाइन सेलचा विद्युतदाब (व्होल्टेज) वापरासोबत उतरत जातो, मग पहाटेची दृश्ये काळवंडतात. लिथियम सेल महाग, पण शेवटपर्यंत टिकतात. जुने-नवे सेल एकत्र घातले तर जुना गळतो आणि सगळी पेटी खराब होते. पावसाळ्यात पेटीत सिलिका जेलची पुडी हवीच. मुंग्यांवर मात्र खात्रीचा इलाज नाही.

राहता राहिला आवाज. पेटीतल्या माइकवर किडे आणि वारा एवढेच येते, म्हणून पडद्यावर ऐकू येणारी वाघाची पावले अनेकदा नंतर स्टुडिओत तयार केलेली असतात. यावर स्वतंत्र लेख छापावा, ही विनंती.

आपला,
एक नियमित वाचक, चंद्रपूर