जपानी गोष्टींतली ताई

चि. सई,
अनेक आशीर्वाद.

जपानी गोष्टींतली ताई लोकांना इतकी का आवडते, असं तू फोनवर विचारलंस. ती सगळ्यांचं करते म्हणून, असं उत्तर पटकन सुचतं. मला ते अपुरं वाटतं.

जपानी लेखक मोरी ओगाईंची १९१५ सालची ‘सान्शो दायू’ ही कथा घे. मूळ मध्ययुगीन लोकाख्यान. आन्जू १४ वर्षांची, भाऊ झुशिओ १२ चा, दोघंही गुलाम म्हणून विकली गेलेली. भावासोबत डोंगरावर लाकडं तोडायला जाता यावं म्हणून आन्जू स्वतःचे केस कापू देते, तिथून त्याला पळायला लावते आणि स्वतः पाण्यात उतरून जीव देते. तिच्यावरच्या १९५४ च्या चित्रपटात दिग्दर्शक मिझोगुचींनी तिला धाकटी केलं. चित्रपट थोरच आहे, पण मला ओगाईंची थोरली आन्जू जास्त भिडते. सगळा बेत तिनं एकटीनं, मनातल्या मनात रचलेला असतो, आणि डोंगरावर पोहोचेपर्यंत भावाला त्याचा पत्ताही लागू देत नाही.

मियाझाकींच्या १९८८ च्या ‘टोटोरो’ या अॅनिमेशनपटातली सात्सुकी तर तुझी लाडकीच. आई दवाखान्यात, म्हणून डबे ती भरते, धाकट्या बहिणीला, मेईला, ती सांभाळते. पण आईचं घरी येणं लांबतं, तेव्हा शेजारच्या आजींसमोर ती हुंदके देऊन रडते. आई गेली तर, ही भीती ती तेव्हा रडत बोलून दाखवते. मेई ते बघते आणि मक्याचं कणीस घेऊन एकटीच आईकडे निघते. ताईलाही भीती वाटते, हे त्या चिमुरडीला तेव्हा कळतं. गोष्ट खरी तिथे वळते.

नुसते लाड करणारी, स्वतःचं काहीच नसलेली ताई अॅनिमेत, म्हणजे जपानी अॅनिमेशनमध्ये, पुष्कळ दिसते. ती मला कधीच आवडली नाही.

दिग्दर्शक कोरे-एदांच्या २०१५ च्या, कामाकुरा गावातल्या बहिणींच्या चित्रपटात थोरली साची परिचारिका आहे. आई सोडून गेल्यावर घर तिनंच ओढलेलं. सावत्र बहीण सुझूला ती टेकडीवर नेते आणि गेलेल्या वडिलांना मोठ्यानं ‘मूर्ख’ म्हणून ओरडते. मग सुझूही आपल्या आईच्या नावानं ओरडते. लहानपण कमी पडलेल्या दोघी एकमेकींना ओळखतात, म्हणून साची मला इतकी जवळची वाटते.

तुझे फोन हल्ली आपल्या धाकट्या ओमच्या शाळेपासून सुरू होतात आणि माझ्या गोळ्यांवर संपतात. पुढच्या वेळी आधी तुझं सांग. सुट्टीत आलीस की ओमला दोन दिवस आजीकडे पाठवते. आपण दोघीच साचीचा चित्रपट बघू.

तुझी,
आई