हक्कसोड पत्रावर सही घेण्याआधी

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

वडील गेले की दहावं-तेरावं उरकतं न उरकतं, तोच बहिणींना दुय्यम निबंधकांच्या कचेरीत आणलं जातं. मी तालुक्याच्या गावी दस्तलेखन करतो, त्यामुळे हे नेहमीचंच. आधार कार्ड भावाच्या खिशात आणि बहीण बाकाच्या टोकाला, परतीची एसटी चुकेल या काळजीत. “आलीच आहेस तर सही करून जा, परत कशाला खेप?” सही असते हक्कसोड पत्रावर, म्हणजे वडिलांच्या मिळकतीतला आपला वाटा सोडल्याच्या दस्तावर. त्यात ठरलेला मजकूर असतो, ‘कोणताही मोबदला न घेता, स्वखुशीने’. कोणत्या गटातलं किती क्षेत्र आपण सोडतोय, हे विचारलं तर बऱ्याच जणी भावाकडे बघतात.

वडिलांच्या मागे मुलगी वारस, हे 1956 च्या हिंदू वारसा कायद्यातच आहे. 1994 साली महाराष्ट्राने वडिलोपार्जित मिळकतीत तिला जन्मतः हक्क दिला, पण आधीच लग्न झालेल्यांना वगळून. 2005 च्या केंद्राच्या दुरुस्तीत ती अट गेली. त्या वेळी वडील हयात असण्याची गरज नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये स्पष्ट केलं. एवढं सगळं 500 रुपयांच्या मुद्रांकावर एका दुपारी सुटतं.

भावांचं सगळंच खोटं नाही. आईबापाचं दुखणं-खुपणं त्यांनी काढलेलं असतं, गावच्या सहकारी सोसायटीचं कर्ज त्यांच्या डोक्यावर असतं, आणि सातबारावर नावं वाढली की कर्जाला प्रत्येकाची संमती गोळा करत फिरावं लागतं. हे समोर मांडल्यावर बहिणीने राजीखुशीने वाटा सोडला, तर कोणाचंच काही म्हणणं नाही. पण ‘बहिणींची नावं लागली की जमिनीचे तुकडे होतील’ ही भीती उगाच घातली जाते. सामाईकात नाव लागल्याने बांध पडत नाही. वाटप ही वेगळी कारवाई आहे. पुढे रस्त्यात जमीन जाते, मोबदला जाहीर होतो आणि तीच बहीण वकील शोधते. तोवर नोंदणीकृत दस्त मोडायला दिवाणी दावा लावून फसवणूक शाबीत करावी लागते. तिथे नातंही संपतं आणि पैसाही. ‘माहेर तुटायला नको’ म्हणून सही केलेल्या बाईचं माहेर असं दहा वर्षांनी तुटतं.

नोंदणीच्या वेळी साहेब विचारतात, “दस्त मान्य आहे ना?” मान हलते, फोटो निघतो, अंगठा लागतो. माझं म्हणणं एवढंच, की त्या वेळी भावाला बाहेर बसवावं. तिच्या वाट्याचं क्षेत्र आणि रेडी रेकनरप्रमाणे, म्हणजे सरकारी दरपत्रकाप्रमाणे, होणारी किंमत मोठ्याने वाचून दाखवावी. वारसाची वर्दी, म्हणजे वारस नोंदवण्यासाठीची खबर, द्यायला तीन महिन्यांची मुदत आहे, म्हणजे घाई कोणालाच नाही. आधी सगळ्या वारसांची नावं सातबारावर चढू द्यावीत, तो फेरफार, म्हणजे बदलाची नोंद, मंजूर झाल्यावरच हक्कसोड पत्र घ्यावं. या शेवटच्या गोष्टीसाठी कदाचित नियम बदलावा लागेल. आधीच्या दोन्हींना नोंदणी विभागाचं एक परिपत्रक पुरेल, असं मला वाटतं.

आपला,
एक दस्तलेखक, जि. सातारा