कोलेन्सोंनी सरकारचाही हिशेब तपासला

महोदय,

रविवारच्या पुरवणीतील वसाहतकाळातल्या धर्मगुरूंवरचा लेख वाचला. दक्षिण आफ्रिकेतील नाताळ प्रांताचे अँग्लिकन बिशप जॉन विल्यम कोलेन्सो (१८१४-१८८३) यांची त्यात ‘बायबलवर शंका घेणारे पाखंडी’ एवढ्यावरच बोळवण झाली आहे. माझ्या मते त्यांचे खरे काम त्यानंतरचे आहे.

कोलेन्सो मुळात गणिती. १८३६ साली ते केंब्रिजच्या सेंट जॉन्स कॉलेजातून दुसरे रँग्लर झाले, म्हणजे गणिताच्या पदवी परीक्षेत दुसरे आले. (पुढे आपले रँग्लर परांजपे याच कॉलेजचे.) त्यांची अंकगणित-बीजगणिताची पुस्तके शाळांत वर्षानुवर्षे चालली. नाताळमध्ये ते तिथल्या झुलू लोकांची भाषा शिकले, तिचा कोश आणि व्याकरण रचले. बायबलच्या झुलू भाषांतरात मदत करणाऱ्या विल्यम एन्गिडी यांनी महापुराच्या कथेबद्दल ‘हे सगळे खरेच घडले का?’ असे विचारले, तेव्हा बिशपांना खोटे बोलवेना. मग त्यांनी जुन्या करारातले आकडेच तपासायला घेतले. इजिप्तमधून सहा लाख लढवय्ये निघाले, तर बायकामुले धरून माणसे किती, त्यांचे तंबू कुठे, गुरांना चारा कुठला? १८६२ पासून हे छापून येऊ लागले आणि गहजब झाला. केपटाउनचे बिशप ग्रे यांनी त्यांना पदच्युत केले. लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे वसाहतींच्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, १८६५ मध्ये तो निर्णय रद्द ठरवला.

लेख इथे थांबतो. पण हीच पडताळणी कोलेन्सोंनी पुढे सरकारी कागदांना लावली. १८७३ मध्ये बंदुकांच्या नोंदणीवरून ह्लुबी जमातीचा प्रमुख लांगालिबालेले याच्यावर बंडाचा ठपका आला. खटल्यात त्याला वकील मिळाला नाही. सरकारी निरोप्याला नागवे करून अपमानित केले, हा एक मोठा आरोप. कोलेन्सोंनी साक्षीदार गाठले, तेव्हा कळले की फक्त वरचे कोट उतरवायला लावले होते. तेही लपवलेल्या शस्त्राच्या धास्तीने, कारण १८५८ मध्ये अशाच एका भेटीत सरकारी माणसांनी दगा केला होता. हे प्रकरण बाहेर काढताना थिओफिलस शेपस्टन यांच्याशी असलेली त्यांची जुनी मैत्री तुटली. शेपस्टन हे नाताळच्या स्थानिक लोकांचा कारभार पाहणारे बडे अधिकारी. आधी बायबलच्या वादातही पाठीशी राहिलेले अनेक गोरे वसाहतवाले आता दुरावले. मला हे विशेष वाटते: बायबलमधल्या मोशेच्या ग्रंथांवरची शंका त्यांनी पचवली, जमिनीच्या आणि सत्तेच्या हिशेबावरची नाही.

जानेवारी १८७९ मध्ये इसांडलवाना येथे झुलूंनी ब्रिटिश फौजेचा धुव्वा उडवला. त्यानंतरच्या प्रार्थनादिनी, मृतांचे नातेवाईक शोकात असताना, कोलेन्सोंनी पीटरमारित्झबर्गच्या चर्चमध्ये विचारले की झुलूंशी आपण न्यायाने आणि दयेने वागलो का. गांधीजींना पुढे ज्या गावच्या स्टेशनावर गाडीतून उतरवले, तेच हे गाव.

त्यांना साम्राज्यविरोधक म्हणणे मात्र चूक ठरेल. लंडनला खरी माहिती पोचली की न्याय मिळेल, यावर त्यांचा अखेरपर्यंत भरवसा होता. १८७४ मध्ये ते स्वतः तिकडे गेले. नाताळचे गव्हर्नर पाइन यांना परत बोलावले गेले, पण लांगालिबालेले १८८७ पर्यंत केप वसाहतीतच कैदेत राहिला. झुलू ज्यांना ‘सोबांतु’, म्हणजे लोकांचा पिता, म्हणत, त्या बिशपांच्या मृत्यूनंतर झुलू राजपुत्र दिनुझुलूची बाजू लढवली ती त्यांची मुलगी हॅरिएट हिने. पुरवणीत पुढे कधी या विषयावर लिहिले गेले, तर तिच्यावर स्वतंत्र लेख यावा.

– एक निवृत्त गणित शिक्षक, पुणे