बसमधला 'फॉब'

चि. ओजस,

समोर बसवून सांगितलं असतं तर 'हो गं आई' म्हणून तू हेडफोन लावला असतास. म्हणून लिहून देते.

नाशिकहून आलेल्या त्या मुलाला बसमध्ये 'फॉब' म्हणतात आणि म्हणणाऱ्यांत निम्मी मुलं आपलीच, हे तूच सांगितलंस. वर विचारलंस, 'इंडियननेच इंडियनला म्हटलं तर ते रेसिस्ट कसं?' न्यू जर्सीच्या कायद्यात चिडवणारा कोण यापेक्षा कशावरून चिडवलं, ते बघतात. वंश, धर्म, मूळ देश, अपंगत्व, नाहीतर उठून दिसणारं कुठलंही वेगळेपण. 'फॉब' म्हणजे नुकताच बोटीतून उतरलेला, म्हणजे तो शब्द देशावरूनच आला. आणि त्याच बोटीतून तुझे आईबाबाही उतरलेत, तेवढं असू दे ध्यानात.

सप्टेंबर 2011 पासून इथल्या सरकारी शाळांना हा कायदा लागू आहे. शाळेत सगळे त्याला 'एचआयबी' म्हणतात, म्हणजे हॅरॅसमेंट, इंटिमिडेशन, बुलिंग: छळ, धमकावणं आणि दादागिरी. वर्ग, बस, सहल सगळं त्यात येतं. घरी बसून ग्रुप चॅटमध्ये केलेली टवाळीसुद्धा येते, पण तिचा त्रास शाळेपर्यंत पोचला पाहिजे. प्रकार एकदाच घडला तरी तक्रार करता येते.

तक्रार फसते ती बहुतेक वेळा पहिल्याच कागदावर. 'ती मुलं मला त्रास देतात' एवढंच लिहिलं की शाळा त्याला 'कॉन्फ्लिक्ट' म्हणून मोकळी होते, म्हणजे दोघांचं भांडण आणि दोघंही सारखेच दोषी. मग दोघांना एका खोलीत बसवून हात मिळवायला लावतात. एकीकडे सहा जण आणि दुसरीकडे एकटा असताना कसली समेट? दुसऱ्या दिवशी बसमध्ये आणखी जोरात सुरू होतं. म्हणून नेमका शब्द कागदावर यायला हवा, कितीही घाण असला तरी. असं:

'मंगळवार, 7 ऑक्टोबर. दुपारी 2.50, घरी येणारी बस, मागून तिसरा बाक. अमुक म्हणाला, "फॉब, तुझ्या डब्याचा वास येतोय." तमुकने त्याच्या उच्चारांची नक्कल केली. चौघे हसले. त्याने डबा दप्तरात टाकला आणि उतरेपर्यंत मान वर केली नाही. बघणारे: मी आणि आणखी दोघं.'

'मला वाटतं' नको, 'नेहमीच' नको आणि 'जोक होता' तर नकोच. जोक होता की नाही ते चौकशी करणारा ठरवेल. त्याच दिवशी लिही, चार दिवसांनी वार आणि माणसं दोन्ही डोक्यातून निसटतात. चॅटचा स्क्रीनशॉट कापू नकोस, पाठवणाऱ्याचं नाव आणि वेळ दिसली पाहिजे. स्नॅपचॅटवर स्क्रीनशॉट घेतला की समोरच्याला कळतं, तिथे दुसऱ्या फोनने फोटो काढ.

पालकांनी '338' नावाचा फॉर्म भरून मुख्याध्यापकांकडे द्यायचा आणि दिल्याची तारीख आपल्याकडे लिहून ठेवायची. शाळेने एका शालेय दिवसात चौकशी सुरू करायची असते आणि लेखी तक्रारीपासून 10 शालेय दिवसांत संपवायची. ती शाळेचा अँटी-बुलिंग स्पेशालिस्ट करतो, बहुधा तुमचे काउन्सेलरच. पुढे दोन शालेय दिवसांत अहवाल सुपरिंटेंडेंटकडे, म्हणजे इथल्या सगळ्या शाळांच्या प्रमुखाकडे, मग शाळांच्या बोर्डाकडे, आणि त्यानंतर 5 शालेय दिवसांत दोन्हीकडच्या पालकांना निकाल. पटला नाही तर बोर्डापुढे सुनावणी मागता येते, तिथेही नाही जमलं तर 90 दिवसांत शिक्षण आयुक्तांकडे अपील. निनावी तक्रारही चालते, पण निव्वळ तिच्या भरवशावर कुणाला शिक्षा देता येत नाही.

आपले लोक काय करतात, तर मराठी मंडळाच्या दिवाळीत त्या दुसऱ्या मुलाच्या आईला गाठतात आणि 'जरा सांगा हो त्याला' म्हणतात. रात्रीतून चॅट पुसलं जातं, साक्षीदार पोरं गप्प होतात. दुसरी भीती व्हिसाची. शाळेतल्या तक्रारीचा आणि एच-4चा, म्हणजे नोकरीच्या व्हिसावर आलेल्यांच्या बायकामुलांच्या व्हिसाचा, काडीचा संबंध नाही. कागदपत्रं नसलेल्या मुलांनाही शाळा नाकारता येणार नाही, हे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 1982 मध्येच सांगून ठेवलंय.

त्या मुलाकडे जरा नीट बघ. डबा भरलेलाच परत नेतो का? उत्तर येत असून हात वर करत नाही का? नाव तोडून 'सॅम' सांगायला लागलाय का? सोमवारी सकाळी पोट दुखतं का? मार्क घसरतात ते या सगळ्याच्या मागून, आणि पालकांना तेच आधी दिसतं. तो कधी 'नसलेलंच बरं' असं काही बोलला तर ते गुपित ठेवायचं नाही. त्याच क्षणी मला नाहीतर काउन्सेलरांना सांग, 988 या आत्महत्या रोखणाऱ्या हेल्पलाइनला फोन किंवा मेसेज कर.

ही थट्टा कुठवर जाते तेही सांगते. 1987 मध्ये इथेच, जर्सी सिटीत, भारतीयांना मारहाण करणारं एक टोळकं होतं. स्वतःला ते 'डॉटबस्टर्स' म्हणवून घ्यायचे. डॉट म्हणजे आजीच्या कपाळावर असते ती टिकली.

बसमध्ये तू हिरो होऊ नकोस. त्याच्या शेजारी जाऊन बस आणि गणिताचं काहीतरी विचार. चिडवणाऱ्यांकडे बघायचंसुद्धा नाही. उतरताना ड्रायव्हरला सांग, त्यांनाही ऐकलेलं त्याच दिवशी शाळेला कळवावं लागतं. आणि तो शब्द तुझ्याही तोंडून गेला असेल तर आधी मला सांग. प्रकार सिद्ध झाला तर पहिल्याच वेळी अहवालाची प्रत विद्यार्थ्याच्या रेकॉर्डमध्ये जाते. तक्रार करणाऱ्यावर डूख धरला तर तो वेगळा गुन्हा.

त्याच्या आईचा नंबर मिळव. फॉर्म त्यांनीच भरायचा, मी नुसती सोबत बसेन.

तुझी,
आई